एका तासाचा खेळ

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त इंदिरानगर येथे केलेले भाषण)



सुवर्णमहोत्सवाच्या व्यासपीठावरून बोलावयाचे म्हणजे विषय भारदस्त असावा, असा संकेत आहे. या व्यासपीठावर संतवाङ्मयावर व्याख्याने झाली, संगीत नाटकांवर झाली, शहाजीराजांच्या बंगळुरातील वास्तव्यावरही झाली. आम्ही मात्र आज बोलणार आहोत ते अमेरिकेतील व्यावसायिक फुटबॉलचा सामना किती वेळ चालतो, या विषयावर. विषय ऐकताच आमच्या कार्यवाहांनी चष्मा काढून पुसला आणि तो पुन्हा डोळ्यांवर चढवून आमच्याकडे पाहिले. परंतु हा विषय आम्ही हौसेने निवडलेला नाही. आपल्यातल्याच एका घरातून तो आमच्याकडे चालत आला.

आपल्या मंडळाचे एक वयोवृद्ध सभासद आहेत. आम्ही सारे त्यांना आप्पा म्हणतो. त्यांचा एकुलता एक मुलगा न्यू जर्सीत असतो. नोव्हेंबरअखेरीच्या एका सोमवारी आप्पांच्या मोतीबिंदूची शस्त्रक्रिया ठरली होती. रुग्णालयात दहा वाजता पोहोचावयाचे होते. सोबत म्हणून मंडळाकडून आम्ही गेलो होतो. शस्त्रक्रिया लहानशी, पण वय अठ्ठ्याहत्तर आणि प्रश्न डोळ्याचा. निघण्यापूर्वी मुलाशी दोन शब्द बोलावेत, एवढीच आप्पांची इच्छा होती.

त्या वेळी अमेरिकेत रविवारची रात्र होती. मुलाच्या घरी मित्रमंडळी जमली होती आणि दूरदर्शन संचावर फुटबॉलचा सामना रंगला होता. सकाळी नऊ वाजून दहा मिनिटांनी त्याचा निरोप आला : ‘बाबा, शेवटचा क्वार्टर सुरू होतो आहे. पंधरा मिनिटे राहिली. संपला की लगेच फोन करतो.’ आप्पांनी मनगटावरचे घड्याळ काढून समोरच्या तिपाईवर ठेवले. नऊ पंचवीस झाले. साडेनऊ झाले. काकू दोनदा म्हणाल्या, ‘अहो, उशीर होतोय.’ नऊ पस्तीसला आम्ही निघालो. शंभर फुटी रस्त्यावरच्या गर्दीत आप्पा एक शब्दही बोलले नाहीत. दहाच्या सुमारास त्यांना आत नेले, आणि पाचच मिनिटांनी काकूंच्या पर्समधला फोन वाजला. मुलगा उल्हासाने सांगत होता, ‘सामना आत्ताच संपला!’

शस्त्रक्रिया उत्तम झाली. पण डोळ्यावरची पट्टी सुटली तरी आप्पांच्या मनातली गाठ सुटेना. ते आम्हांला म्हणाले, ‘पंधरा मिनिटे म्हणाला होता हो. खेळ बघायचा होता तर तसे सांगायचे. खोटे कशाला बोलायचे?’

मुलगा खोटे बोलला होता काय, या एका प्रश्नासाठी आम्ही या खेळाचा अभ्यास केला. त्यात जे हाती लागले ते आपल्यापुढे ठेवीत आहोत.

या खेळाचे अधिकृत घड्याळ साठ मिनिटांचे असते. प्रत्येकी पंधरा मिनिटांचे चार भाग, त्यांनाच क्वार्टर म्हणतात. दोन भागांनंतर बारा-तेरा मिनिटांचे मध्यंतर. या हिशेबाने सारा प्रकार सव्वा तासात आटोपावयास हवा. प्रत्यक्षात सामान्य सामना तीन तास आणि वर दहा-बारा मिनिटे चालतो. तेथील वार्षिक अंतिम सामना, ज्याला ‘सुपर बोल’ म्हणतात, तो याहूनही लांबतो. कारण गाण्या-नाचण्याच्या कार्यक्रमामुळे त्याचे मध्यंतरच अर्ध्या तासाच्या घरात जाते.

साठ मिनिटांचे एकशे नव्वद मिनिटे होतात ते या घड्याळाला थांबण्याची सवय असल्यामुळे. फेकलेला चेंडू कोणी न झेलता जमिनीवर पडला, की घड्याळ थांबते. गुण झाला, की थांबते. खेळाडू जखमी झाला, पंचांनी चित्रफीत पुन्हा पाहावयास घेतली, की थांबते. प्रत्येक संघाला प्रत्येक अर्ध्या डावात तीनदा ‘टाइमआउट’ मागून ते थांबविण्याचा हक्क असतो. प्रत्येक अर्ध्या डावाची शेवटची दोन मिनिटे उरली, की ‘दोन मिनिटांचा इशारा’ म्हणून ते आपोआप थांबते. चेंडू घेऊन धावणारा खेळाडू सीमारेषेबाहेर गेला, तरीही घड्याळ थांबते. एरव्ही अशा वेळी ते लवकरच पुन्हा सुरू करतात. परंतु सामन्याच्या शेवटच्या पाच मिनिटांत पुढची चाल सुरू होईपर्यंत ते थांबलेलेच राहते. म्हणजे सामना जसजसा शेवटाकडे येतो, तसतसे घड्याळ अधिकाधिक अडखळते. मागे पडलेला संघ हरएक युक्तीने ते थांबवू पाहतो, पुढे असलेला संघ ते पळवू पाहतो. शेवटची पंधरा मिनिटे अटीतटीच्या सामन्यात पाऊण तासावर जातात. आप्पांच्या मुलाची पंधरा मिनिटे त्यांच्या मनगटावरच्या घड्याळात पंचावन्न झाली, यात नवल काहीच नव्हते.

याहून चकित करणारी गोष्ट पुढेच आहे. ‘वॉल स्ट्रीट जर्नल’ या वृत्तपत्राने २०१० साली काही सामने सेकंदासेकंदाने मोजले. चेंडू प्रत्यक्ष खेळात असतो तो वेळ सरासरी अवघा अकरा मिनिटांच्या आसपास निघाला! एक चाल पाच-सहा सेकंदांची. ती संपली, की पुढची सुरू करण्यास चाळीस सेकंदांची मुदत. त्या मुदतीत अकरा गडी डोक्याला डोके लावून घोळका करतात आणि पुढच्या चालीची मसलत करतात. तीन तासांतली फार तर अकरा मिनिटे धडकाधडकी. उरलेला वेळ मसलत, मांडणी, वाट पाहणे आणि जाहिराती.

हा वेळ आधी नेमका सांगता येत नाही, हे तेथील जाणत्यांनाही महागात पडलेले आहे. १७ नोव्हेंबर १९६८ रोजी न्यूयॉर्क जेट्स आणि ओकलंड रेडर्स यांचा सामना एनबीसी दूरदर्शनवर दाखविला जात होता. सात वाजता ‘हायडी’ हा मुलांचा चित्रपट लावावयाचा ठरलेला होता. सामन्याचे जेमतेम एक मिनिट उरलेले, न्यूयॉर्क ३२-२९ असे पुढे, आणि तेवढ्यात सात वाजले. देशाच्या मोठ्या भागात सामना बंद होऊन पडद्यावर ‘हायडी’ सुरू झाली. तेवढ्या उरलेल्या मिनिटात ओकलंडने दोनदा गुण मिळवून सामना ४३-३२ असा जिंकला. लोक इतके संतापले, की दूरध्वनींच्या माऱ्याने एनबीसीचा फोनविनिमय कोलमडला. तेव्हापासून तो सामना ‘हायडी सामना’ या नावानेच ओळखला जातो. पुढे वेळापत्रकातही शहाणपण आले. रविवारी दुपारी एकला सुरू होणाऱ्या सामन्यांच्या पाठोपाठचे सामने पूर्वी सव्वाचारला सुरू होत. २०१२ पासून त्यांतले काही चार पंचवीसला सुरू होऊ लागले. पहिला सामना दुसऱ्याच्या वेळेवर चढू नये, म्हणून ही दहा मिनिटे वाढविली.

बरोबरी झाली तर जादा वेळ. २५ डिसेंबर १९७१ रोजी, नाताळच्या दिवशी, मायामी आणि कॅन्सस सिटी यांचा सामना खेळाच्या घड्याळाने ८२ मिनिटे ४० सेकंद चालला. व्यावसायिक फुटबॉलच्या या मुख्य साखळीतला तो आजवरचा सर्वांत लांब सामना. नाताळचे जेवण किती घरांत निवले असेल, याची कल्पनाच केलेली बरी.

हा खेळ आपल्याकडेही अगदीच अनोळखी नाही. २०१२ साली भारतात या खेळाची एक साखळी सुरू झाली. तिच्या संघांत ‘पुणे मराठाज’ होता आणि आपल्या गावचा ‘बंगळूर वॉरहॉक्स’ही होता. परंतु तो येथे रुजला नाही. त्याची कारणे अनेक असतील. आमच्या मते एक कारण असे, की आपल्या अंगी भिनलेल्या खेळांचे काळाशी नाते निराळे आहे.

खो-खोच घ्या. १९१४ साली पुण्याच्या डेक्कन जिमखान्याने या खेळाचे नियम बांधण्यास हात घातला. रूढ पद्धतीत नऊ मिनिटे पाठलाग, नऊ मिनिटे संरक्षण, असे दोन डाव. म्हणजे एकंदर छत्तीस मिनिटांचा खेळ. त्यात मसलतीला उसंत नाही. आणि मौज अशी, की संरक्षण करणाऱ्या गड्याची कामगिरी गुणांत सांगत नाहीत, वेळात सांगतात. अमुक गडी दोन मिनिटे दहा सेकंद टिकला, असे आपली मराठी वृत्तपत्रे छापतात. तेथे वेळ हाच पराक्रम. जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत खो-खोची पहिली विश्वचषक स्पर्धा झाली. भारताचे पुरुष आणि महिला असे दोन्ही संघ विजयी झाले, आणि दोन्हींचे कर्णधार, प्रतीक वाईकर आणि प्रियांका इंगळे, महाराष्ट्राचे होते, हे दूरदेशीच्या आपण मंडळींनी अभिमानाने ध्यानात ठेवावे. कबड्डीचेही तसेच. वीस-वीस मिनिटांचे दोन भाग, मध्ये पाच मिनिटे विश्रांती, आणि तासाभरात निकाल हाती.

दुसऱ्या टोकाला पाहिले तर घड्याळच न मानणारे खेळ. कोल्हापूरच्या खासबाग मैदानातली जुनी निकाली कुस्ती. पाठ लागेल तेव्हा संपेल. किंवा जुने क्रिकेट. मार्च १९३९ मध्ये डर्बनला इंग्लंड आणि दक्षिण आफ्रिका यांचा कसोटी सामना ‘निकाल लागेपर्यंत’ या अटीवर सुरू झाला. तो ३ तारखेला सुरू झाला आणि १४ तारखेला अनिर्णित सोडावा लागला. कारण इंग्लंडच्या खेळाडूंना मायदेशी जाणारी बोट गाठावयाची होती. विजयासाठी ६९६ धावा हव्या होत्या आणि ५ बाद ६५४ झाल्या होत्या! ज्या सामन्याला काळाचे बंधन नव्हते, त्याचा निकाल बोटीच्या वेळापत्रकाने लावला.

आणि इंदिरानगरात बसून काळ आणि खेळ यांविषयी बोलावयाचे, तर राहुल द्रविड यांचे नाव घेतल्यावाचून राहवत नाही. इंदूरला जन्मलेला, मराठी मातृभाषेचा, बंगळुरात वाढलेला हा फलंदाज. २०२१ सालच्या एका जाहिरातीने त्यांना इंदिरानगरचा गुंड ठरविले आणि साऱ्या देशाला हसविले, हे आपण जाणताच. एप्रिल २००४ मध्ये रावळपिंडीला त्यांनी २७० धावा केल्या. त्यासाठी ते ७४० मिनिटे, म्हणजे बारा तास वीस मिनिटे, खेळपट्टीवर उभे होते. त्यांच्या साऱ्या कसोटी डावांची बेरीज ४४,१५२ मिनिटे होते. दिवसरात्र धरली, तर एक अख्खा महिना! त्यांनी एकंदर ३१,२५८ चेंडू खेळले. एक चेंडू बॅटीपर्यंत येण्यास अर्धा-पाऊण सेकंद लागतो. मग उरलेला सारा वेळ त्यांनी काय केले? वाट पाहिली. मान खाली घालून, मन ठिकाणावर ठेवून, पुढच्या चेंडूची वाट पाहिली. धावफलकावर वाट पाहण्याचा रकाना नसतो, एवढेच.

मधला वेळ रिकामा नसतो, याचा एक दुखरा दाखलाही आपल्या इतिहासात आहे. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव कुस्तीत कांस्यपदक मिळवून आले. स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक. परंतु त्यांच्याविषयी असे सांगितले जाते, की एका दमछाक करणाऱ्या कुस्तीनंतर त्यांना लगोलग पुढच्या कुस्तीला उभे केले गेले. नियमाप्रमाणे मध्ये अर्ध्या तासाची विश्रांती त्यांच्या हक्काची होती. पण ती मागण्यासाठी आपला एकही अधिकारी जवळ नव्हता. त्या अर्ध्या तासात एकही डाव खेळला जाणार नव्हता, एकही गुण होणार नव्हता. तरी तो मिळाला असता, तर पदकाचा रंग कदाचित निराळा दिसला असता.

आता आप्पांच्या तिपाईवरच्या घड्याळाकडे वळू. आप्पांची पिढी बंगळुरात आली तेव्हा गावी बोलावयाचे म्हणजे ट्रंककॉल. आधी नोंदवावयाचा, मग तासन्‌तास फोनपाशी बसावयाचे. तीन-तीन मिनिटांचा दर. तीन मिनिटे होत आली, की मध्येच ऑपरेटरचा आवाज येई. ते घड्याळ कोणासाठी थांबत नसे. रडू आले तरी नाही आणि आवाज पोहोचला नाही तरी नाही. त्या तीन मिनिटांत आईची प्रकृती, बहिणीचे लग्न, शेताचा वाटा, सारे बसवावे लागे. ज्यांनी मिनिटाचे मोल असे शिकले, त्यांना कोणी ‘पंधरा मिनिटे’ म्हटले, की ती पंधराच असतात. मुलाच्या पिढीला बोलण्याचे मोल पडत नाही. मिनिटे अमाप आहेत. त्याने जे सांगितले, ते मैदानावरच्या घड्याळाचे सांगितले. खोटे तो बोलला नाही. परंतु आपले घड्याळ निराळे आहे, हे बाबांना सांगावयास तो विसरला. आमच्या मते दोष असेल तो एवढाच. पण एवढाही लहान नव्हे. वाट पाहणाऱ्याचे घड्याळ कधीच थांबत नाही. वेळ द्यावयाचा तो त्याच्या घड्याळाने द्यावा.

हे आम्ही आप्पांना सांगितले आणि सोबत एक आठवणही दिली. मुलाला शस्त्रक्रियेची वेळ सांगताना त्यांनी स्वतः ‘दहा-अकराच्या सुमारास, काळजीचे काही नाही’ असे मोघम सांगितले होते. मुलाला वाटले, अकरापर्यंत अवकाश आहे. आप्पा गप्प झाले. मग हळूच म्हणाले, ‘त्याला चिंता नको म्हणून तसे बोललो.’ आपण मराठी माणसे तरी काय करतो? घरातून निघताना ‘येतो’ म्हणतो. स्वयंपाकघरातून ‘आलेच’ अशी हाक येते, ती पाऊण तासाची नांदी असते. मंडळाच्या निमंत्रणपत्रिकेवर ‘सायंकाळी ठीक सहा वाजता’ छापलेले असते. त्या ‘ठीक’ शब्दाचा अर्थ समोर बसलेल्यांना विचारावा. फुटबॉलचे घड्याळ आपल्याही घराघरांत आहे.

पुढची हकीकत थोडक्यात सांगतो. मुलाला सारे कळले तेव्हा त्याला फार वाईट वाटले. त्याने माफी मागितली; आप्पांनी ती कोरडेपणाने स्वीकारली. पण नंतरच्या एका सोमवारी सकाळी पावणेसातला आम्ही फिरावयास निघालो, तर आप्पांच्या खिडकीत दिवा. आत डोकावलो. आप्पा चहाचा कप घेऊन बसले होते. समोर सामना लावलेला, बाजूला फोन उभा केलेला, आणि फोनमध्ये न्यू जर्सीचे दिवाणखाने. नियम त्यांना अर्धेमुर्धेच कळत होते. चेंडू पाच सेकंद हलला, की चाळीस सेकंद बापलेक बोलत. ‘गुडघा काय म्हणतो?’ ‘धाकटीचा खोकला गेला का?’ तेवढ्यात पुढची चाल. मग पुन्हा चाळीस सेकंद. ज्या मधल्या वेळाने त्या सोमवारी घात केला होता, त्याच वेळात त्यांचे सारे बोलणे होऊ लागले. पुढे एकदा शेवटचा क्वार्टर सुरू होताना मुलगा हसून म्हणाला, ‘बाबा, इकडे पंधरा, तुमच्या घड्याळाने पन्नास धरा.’ आप्पांनी विचारले, ‘तुमच्याकडे टाइमआउट किती राहिले ते सांग आधी.’

मित्रहो, आपले मंडळ पन्नास वर्षांचे झाले. या पन्नास वर्षांतले गणेशोत्सव, नाटके, कोजागिरी, संक्रांतीची हळदीकुंकवे, व्याख्याने, यांचे निव्वळ तास कोणी मोजले, तर आकडा फार मोठा निघणार नाही. अडीच तासांच्या नाटकामागे दोन महिन्यांच्या तालमी होत्या. तालमींत चहा होता, भांडणे होती, रात्री उशिरा एकमेकांना घरी पोहोचविणे होते. सतरंज्या घालणे, खुर्च्या मोजणे, वर्गणीसाठी दारोदार फिरणे, कोणाच्या शस्त्रक्रियेच्या दिवशी रुग्णालयाच्या बाकावर बसून राहणे. अहवालात यांतले काही येत नाही. अहवाल अकरा मिनिटांचा असतो, मंडळ तीन तासांचे असते. परगावी आलेल्या माणसाला घर मिळते ते त्या मधल्या वेळात.

म्हणून तरुण सभासदांना आमची एक विनंती आहे. आपली मुले, आपले आईवडील आता चार देशांत चार घड्याळांवर राहतात. ‘लगेच’, ‘आलोच’, ‘पाच मिनिटांत’ हे शब्द वापरण्यापूर्वी पलीकडे कोण घड्याळ काढून बसले आहे, याचा क्षणभर विचार करावा. आणि वडीलधाऱ्यांनाही विनंती, की त्यांनी आपली वेळ मोघम सांगू नये. काळजी वाटावी अशी गोष्ट असेल, तर तसे स्पष्ट सांगावे.

आमच्या भाषणाला अध्यक्षांनी वीस मिनिटे दिली होती. ती कोणत्या घड्याळाने, हे आम्ही विचारून घेतले नव्हते. समोरच्या रांगेत आप्पा बसले आहेत, आणि त्यांनी आपले घड्याळ काढून हातात घेतलेले आम्हांला दिसते आहे. तेव्हा दोन मिनिटांचा इशारा झाला असे समजून, आम्ही आपली रजा घेतो.